उषवदाताचं शेत

मागच्या वेळी तेरच्या वस्तुसंग्रहालयावर बोलून झालं आणि आम्ही जिना उतरत होतो, तेव्हा एका तरुण श्रोत्यानं गाठलं. म्हणाला, "सर, तेरचा माल रोमन व्यापाऱ्यांपर्यंत जात होता हे कळलं. रोमचे सुभेदार कोण होते, कसा कारभार करायचे, हे पुस्तकांत सापडतं. पण त्याच काळातल्या आपल्याकडच्या सुभेदाराची कारकीर्द अशी कुठं वाचायला मिळते का?" प्रश्न चांगला होता, पण बस सुटायला आली होती. म्हणून त्याचं उत्तर आज देतो. तो आला असेल तर हात वर करू नये, आम्हाला उगाच दडपण येतं.

एक कबुली आधीच देऊन टाकतो. आमचं शिक्षण तत्त्वज्ञानाचं. इतिहास हे दुसऱ्याचं शेत, आणि आपण बांध ओलांडून आत शिरलोय याची आम्हाला जाणीव आहे. पण आज बोलायचं आहे तेही एका शेताबद्दलच, आणि ते शेत नक्की कुणाचं हाच सगळा प्रश्न आहे.

रोमन माणूस आधी घेऊ, म्हणजे तुलनेला एक खुंटी मिळेल. त्याचं नाव धाकटा प्लिनी. इसवी सन ६१ किंवा ६२ मध्ये उत्तर इटलीत, कोमो सरोवराकाठी जन्म. याचा मामा थोरला प्लिनी. भारतातल्या चैनीच्या मालापायी रोमचे वर्षाला ५ कोटी सेस्टर्शियस बाहेर जातात म्हणून हळहळणारा तो हाच, आणि ७९ साली व्हेसुव्हियस फुटला त्यात मेला तोही हाच. भाचा वकील झाला, सिनेटमध्ये गेला, सरकारी खजिन्याचा अधिकारी झाला, १०० साली कॉन्सल झाला. त्याच वर्षी त्यानं टॅसिटस या इतिहासकाराच्या जोडीनं आफ्रिका प्रांताच्या एका माजी सुभेदारावर लाचखोरीचा खटला चालवला. सुभेदारानं प्रांत लुटला तर प्रांतातले लोक रोमला येऊन त्याच्यावर फिर्याद करू शकत होते, ही त्या व्यवस्थेतली मोठी गोष्ट. पुढं ११० च्या सुमारास ट्राजन बादशहानं प्लिनीलाच बिथिनिया-पाँटस या प्रांतावर पाठवलं. म्हणजे आजच्या तुर्कस्तानात, काळ्या समुद्राच्या काठावर. बहुधा तिथंच तो वारला.

त्याचा आणि बादशहाचा पत्रव्यवहार शिल्लक आहे, आणि तो वाचताना आपण एखाद्या जिल्हा कचेरीतल्या फायली चाळतोय असंच वाटतं. निकोमीडिया शहरानं पाण्याच्या कालव्यावर ३३ लाख १८ हजार सेस्टर्शियस खर्च केले आणि काम अर्धवट सोडलं. मग दुसऱ्या कालव्यावर आणखी २ लाख, तोही सोडला. निकेया शहराच्या नाट्यगृहावर १ कोटीच्या वर खर्च झाला आणि भिंती खचताहेत. ही नावं बदलून आपल्याकडची घाला. घालताय ना? हसू नका, रेकॉर्डिंग चालू आहे.

यातली दोन पत्रं लक्षात ठेवा, पुढं लागणार आहेत. निकोमीडियाला मोठी आग लागली, लोक नुसते बघत उभे राहिले. शहरात आग विझवायचं साधन नव्हतं, साधी बादलीसुद्धा नव्हती. प्लिनीनं विचारलं, दीडशे कारागिरांचं एक पथक उभारू का? ट्राजननं नकार दिला. कुठल्याही नावानं माणसं एकत्र येऊ द्या, थोड्याच दिवसांत त्यांचं राजकीय टोळकं होतं, असं त्याचं म्हणणं. साधनं द्या, पण संघटना नको. दुसरं पत्र पैशाचं. शहरांचा वसूल झालेला पैसा पडून आहे आणि बारा टक्के दरानं कुणी कर्ज घ्यायला तयार नाही. प्लिनीनं सुचवलं की दर उतरवावा, आणि तरीही कुणी पुढं आलं नाही तर नगरपालिकेच्या सभासदांच्या गळ्यात ते कर्ज मारावं. बादशहा म्हणाला, दर उतरवायला हरकत नाही, पण ज्याला पैसा नको त्याच्यावर तो लादणं आमच्या काळच्या न्यायाला धरून नाही.

बिथिनियात बारा टक्क्यांनी कुणी पैसे घेत नव्हतं. नाशिकला घेत होते. आता तिकडंच जाऊ.

पण जाण्याआधी तेरणाकाठी क्षणभर थांबू. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशानं अरबी समुद्रातल्या व्यापाराची एक वहीच लिहून ठेवली आहे, तिला पेरिप्लस म्हणतात. त्यात तगर येतं. फ्लीट यांनी १९०१ साली तगर म्हणजे आपलं तेर असं दाखवून दिलं आणि तो वाद मिटला. वहीत म्हटलंय की भडोचहून दक्षिणेला वीस दिवसांवर पैठण, तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर. पैठणहून अकीकासारखे दगड येतात आणि तगरहून साधं कापड भरपूर, तलम कापडाचे कैक प्रकार. हा माल गाड्यांवर लादून, धड रस्ते नसलेल्या मोठ्या मुलुखातून भडोचला उतरतो. कल्याण बंदर जवळ पडलं असतं, पण तिथं चुकून शिरलेली ग्रीक जहाजं पहाऱ्यात भडोचला नेतात, असंही तो लिहितो. म्हणजे बंदराबंदरांत, आणि बंदरांच्या मालकांत, वैर होतं. भडोचच्या बाजूचा राजा कोण? वहीतलं नाव आहे मंबानोस. नाण्यांवरचा आणि शिलालेखांतला नहपान तो हाच, असं बहुतेक अभ्यासक मानतात. त्याच्यासाठी चांदीची भांडी, गाणारी मुलं, जनानखान्यासाठी सुंदर मुली, उंची मद्य आणि उटणी आणायची, अशी यादीच त्या खलाशानं दिली आहे.

नहपान स्वतःला राजा म्हणवतो आणि क्षत्रपही. क्षत्रप हा मूळ इराणी शब्द, अर्थ राज्य राखणारा, म्हणजेच सुभेदार. वरचा धनी दूर गेला किंवा दुबळा झाला की सुभेदाराचा राजा होतो, ही वाट आपल्याला निजामुल्मुकामुळे चांगली ठाऊक आहे. जुन्नरच्या वर्ष ४६ च्या लेखात नहपान महाक्षत्रप झालेला दिसतो. तो लेख अयम नावाच्या त्याच्या अमात्याचा आहे. ही वर्षं त्याच्या राजवटीची की कुठल्या शकाची, यावर विद्वानांची दोन मतं आहेत, आणि त्याप्रमाणे नहपान पहिल्या शतकात तरी बसतो किंवा दुसऱ्याच्या आरंभी. दोन्ही हिशोबांनी तो प्लिनीच्या आसपासचाच.

या नहपानाचा जावई उषवदात. दिनिकाचा मुलगा. नाव संस्कृत करायचं तर ऋषभदत्त. एका लेखात त्यानं स्वतःला सरळ शक म्हटलं आहे. त्याच्या पदाचं नाव लेखांत नाही, 'जामाता' एवढीच ओळख. पण करतो ती सगळी कामं सुभेदाराची आहेत. आणि त्याची कारकीर्द नाशिकच्या पांडवलेण्यात, दहा क्रमांकाच्या लेण्यात, ओसरीच्या भिंतीवर कोरलेली आहे. त्या डोंगराचं जुनं नाव त्रिरश्मी. खाली गोदाकाठी गोवर्धन हे ठाण्याचं गाव होतं.

हा लेख वाचण्यासारखा आहे. सुरुवात मोठ्या थाटाची, जवळजवळ शुद्ध संस्कृतातली. तीन लाख गाई दिल्या. बनास नदीवर सोनं दान करून घाट बांधला. देवांना आणि ब्राह्मणांना सोळा गावं दिली. वर्षभर लाख ब्राह्मणांना जेवण घातलं. तीन लाख गाई कुणी मोजल्या असतील, हा प्रश्न आम्ही विचारत नाही. असे आकडे मोजायचे नसतात, ऐकायचे असतात. पण पुढं जे येतं ते मात्र मोजता येण्यासारखं आहे. भडोच, दशपूर म्हणजे मंदसौर, गोवर्धन आणि शूर्पारक म्हणजे सोपारा, या चार ठिकाणी चौसोपी धर्मशाळा. विहिरी, तळी, बागा. इबा, पारदा, दमणा, तापी, करबेणा, दहाणुका या नद्यांवर फुकट नावा, आणि दोन्ही तीरांवर उतारूंसाठी मांडव आणि पाणपोया. नावं ऐका: पार, दमणगंगा, तापी, डहाणू. आज मुंबईहून भडोचला जाताना गाडी ज्या पुलांवरून धडधडत जाते, तीच ही रांग.

आम्हाला इथं एक गंमत वाटते. लेख सांगतो ते सगळं पुण्य म्हणून. पण नकाशावर टिंबं मांडून पाहा. भडोच, सोपारा, गोवर्धन, मधल्या सगळ्या नद्यांवर होड्या. हा व्यापाराचा रस्ता आहे. जो माल कल्याणला उतरू द्यायचा नाही तो वर भडोचपर्यंत सुखरूप पोचला पाहिजे, तर वाटेत नाव हवी, पाणी हवं, रात्री बैल सोडायला जागा हवी. म्हणजे तो माणूस ढोंगी होता का? आमचे काही स्नेही लगेच हो म्हणतील. आम्हाला तसं वाटत नाही. नावाड्याला पैसे न देता नदी ओलांडणाऱ्या गोरगरिबाला ती नाव पुण्याची की जकातीच्या सोयीची, यानं काय फरक पडतो? तेरच्या कोष्ट्याचं कापड घेऊन निघालेला एखादा गाडीवान त्या गोवर्धनच्या धर्मशाळेत एखादी रात्र निजला असेल, इतपत कल्पना करायला हरकत नाही.

एका ठिकाणी मात्र आम्ही अडतो. प्रभासतीर्थी, म्हणजे सोरटी सोमनाथाला, त्यानं ब्राह्मणांना 'आठ भार्या' दिल्या. काही जण याचा अर्थ लावतात की लग्नांचा खर्च दिला. असेलही. पण वाक्य गाई, गावं आणि नारळांच्या रांगेत बसलेलं आहे, आणि त्या आठ जणींचं नाव कुठं नाही. नारळाची झाडं मोजली आहेत, नानंगोल गावात ३२ हजार. उषवदाताची बायको, नहपानाची मुलगी दक्षमित्रा, तिनं दिलेल्या खोल्यांवर तिचं नाव आहे. पण ती राजाची मुलगी.

आता या लेखात एक अजब वळण येतं. संस्कृत संपतं, प्राकृत सुरू होतं, आणि 'त्यानं केलं' म्हणणारा लेख एकदम 'मी' म्हणू लागतो. स्वामींच्या आज्ञेवरून ऐन पावसाळ्यात तो उत्तरेला गेला, मालवांनी वेढलेल्या उत्तमभद्रांच्या प्रमुखाला सोडवायला. मालव म्हणे नुसत्या आरोळीनंच पळाले. मग पुष्करला जाऊन स्नान केलं, तीन हजार गाई आणि एक गाव दिलं. वर तीन लाख गाई, इथं तीन हजार. जिथं 'मी' आला तिथं आकडा खाली आला! पन्नास वर्षं तत्त्वज्ञान शिकवताना आम्ही 'कर्ता कोण' या प्रश्नावर विद्यार्थ्यांचे प्राण खाल्ले, पण इतकं चांगलं उदाहरण तेव्हा हाती नव्हतं.

त्याच्या पुढची ओळ आणखी साधी. वाराहीचा मुलगा अश्विभूति नावाच्या ब्राह्मणाकडून त्यानं ४००० कार्षापणांना शेत विकत घेतलं. शेत त्या ब्राह्मणाच्या वडिलांचं, गावाच्या शिवेवर, वायव्येला. त्याच्या उत्पन्नातून लेण्यात राहणाऱ्या भिक्षूंना जेवण मिळेल. एखाद्या खरेदीखतात असतं ते सगळं यात आहे: विकणाऱ्याचं नाव, मूल्य, चतुःसीमेची दिशा. राजाचा जावई, हातात फौज, समोर एक साधा ब्राह्मण शेतकरी. हिसकावून घेतलं असतं तर कोण विचारणार होतं? इथं रोमसारखं फिर्याद ऐकणारं सिनेट नव्हतं. पण त्यानं पैसे मोजले. आपल्याकडच्या धर्मशास्त्रानं दानाची व्याख्या फार नेमकी केली आहे: वस्तूवरचं आपलं स्वामित्व संपवून तिथं दुसऱ्याचं स्वामित्व उत्पन्न करणं. म्हणजे आधी ते आपलं असावं लागतं. जे आपलं नाही ते देता येत नाही. हे उषवदाताला कळत होतं, निदान या एका शेतापुरतं तरी.

दुसरा लेख वर्ष ४२ चा आणि तो आमच्या मते याहून मोलाचा. यात त्यानं भिक्षुसंघासाठी ३००० कार्षापणांची अक्षयनीवी ठेवली, म्हणजे मुद्दल कधीही न मोडायची ठेव. ठेवली कुठं? गोवर्धनातल्या कोष्ट्यांच्या श्रेणींकडे. एका श्रेणीकडे २०००, शेकडा दरमहा एक या व्याजानं. दुसऱ्या श्रेणीकडे १०००, शेकडा पाऊण. पहिल्याच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी. करा हिशोब. दोन हजारांवर वर्षाचे बारा टक्के, दोनशे चाळीस. वीस भिक्षू गुणिले बारा, दोनशे चाळीस. एक कवडी इकडची तिकडे नाही. दुसऱ्याचं व्याज वर्षाला नव्वद, ते किरकोळ खर्चाला. शिवाय चिखलपद्र गावात आठ हजार नारळ. चिखलपद्र! आपल्या चिखल्या आणि चिखलठाणी किती जुन्या आहेत बघा. आणि हे सगळं निगमसभेत वाचून दाखवलं आणि फलकावर नोंदवलं, असंही लेख सांगतो.

आता ट्राजनचं ते पत्र आठवा. रोमन बादशहाला दीडशे कारागिरांचं आग विझवायचं पथकसुद्धा धोक्याचं वाटत होतं. इथं परमुलखातून आलेला शक सरदार कोष्ट्यांच्या संघटनेवर बँकेसारखा भरवसा टाकतो, तोही कायमचा. प्लिनीच्या शहरांत बारा टक्क्यांनी पैसा कुणी घेईना, गोवर्धनचे कोष्टी त्याच दरानं घेतात. याचा अर्थ त्यांच्या मागाला काम होतं. कापडाला मागणी होती, सूत आणायला रोख लागत होती, आणि बारा टक्के व्याज देऊनही हाती काही उरत होतं. तेरच्या कोष्ट्यांचा असा लेख नाही, पण त्यांचं कापड तर थेट परदेशी खलाशाच्या वहीत आहे. जे गोवर्धनच्या मागावर चालत होतं त्याहून तेरणाकाठी काही फार निराळं चालत असेल, असं आम्हाला वाटत नाही. याच डोंगरावर पुढं आभीर राजा ईश्वरसेनाच्या काळात विष्णुदत्ता नावाच्या शक बाईनं आजारी भिक्षूंच्या औषधासाठी अशाच ठेवी ठेवल्या. त्यातली एक श्रेणी बहुधा कुंभारांची आहे. गोरोबाकाकांच्या गावात हे सांगितलं म्हणजे लोक जरा सरसावून बसतात.

प्लिनीनंही आपल्या गावासाठी ठेव ठेवली होती. कोमोतल्या मुलामुलींच्या पोषणासाठी ५ लाख सेस्टर्शियस. एका मित्रानं त्याला सल्ला विचारला, की गावाला द्यायचा पैसा आपल्या मागंही टिकावा म्हणून काय करू? प्लिनीचं उत्तर फार शहाणपणाचं आहे. रोख दिलीस तर उधळली जाईल. जमीन दिलीस तर सार्वजनिक जमिनीचं होतं तेच होईल, कुणी लक्ष देणार नाही. म्हणून त्यानं स्वतः काय केलं? स्वतःची जमीन, पाच लाखांहून बऱ्याच जास्त किमतीची, गावाच्या नावे केली आणि वर्षाला ३० हजारांच्या खंडानं परत घेतली. खंड गावाला मिळत राहील आणि जमीन कसणारा मालकही राहील.

सार्वजनिक जमिनीकडे कुणी लक्ष देत नाही. मराठवाड्यात देवस्थानाची इनामी जमीन कुणी पाहिली नाही? आमच्या लहानपणी गावाबाहेर मारुतीच्या नावाची अशीच एक पट्टी होती. कागद निजामाच्या काळातला, उर्दूत, शिक्क्यासकट जपून ठेवलेला. शेतात मात्र तरवड आणि हराळी. दिवाबत्तीला तेल शेवटी घराघरांतूनच गोळा व्हायचं. आजोबा म्हणायचे, देवाला जमीन आहे, देवाला बैल नाहीत.

वर्ष ४५ मध्ये उषवदाताची आणखी एक नोंद येते. ७० हजार कार्षापण, एका सुवर्णाला पस्तीस या भावानं २००० सुवर्णांच्या किमतीचे. त्यानंतर तो गप्प होतो. सातवाहन गौतमीपुत्र सातकर्णी दक्षिणेतून चालून आला आणि क्षहरातांचं नावही उरलं नाही. हे आम्ही म्हणत नाही. गौतमीपुत्राची आई बलश्री हिनं नातवाच्या, पुळुमावीच्या, एकोणिसाव्या वर्षी तीन क्रमांकाच्या लेण्यात कोरून ठेवलं आहे, की माझ्या मुलानं क्षहरात वंश निःशेष केला. नाशिक जिल्ह्यात जोगलटेंभीला १९०६ साली नाण्यांचा घबाड सापडला. नहपानाची तेरा हजारांहून अधिक चांदीची नाणी, त्यातल्या नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्रानं आपला ठसा वरून मारलेला. खाली नहपानाचा चेहरा अर्धवट दिसतो. नोट बदलायला वेळ नव्हता, नवा शिक्का मारून चालू केली, असा तो प्रकार.

नाण्याचं झालं तेच शेताचं. गौतमीपुत्राच्या राज्यवर्ष १८ मध्ये, विजयी सेनेच्या छावणीतून, गोवर्धनचा अमात्य विष्णुपालित याला हुकूम सुटतो. हा विष्णुपालित म्हणजे नवा सुभेदार. काखडी गावातलं दोनशे निवर्तनांचं शेत, जे आजवर उषवदाताकडे होतं, ते आम्ही त्रिरश्मीवरच्या भिक्षूंना देतो. मूळ शब्द आहे 'अजकालकिय'. काही विद्वान ते शेताचंच नाव मानतात, काही 'आजवरचं'. आमच्या कानाला तर तो आपला 'आजकाल' वाटतो. शेताला सवलतीही आहेत: शिपायांनी आत शिरायचं नाही, अधिकाऱ्यांनी हात लावायचा नाही, मिठासाठी खणायचं नाही, मुलकी कारभाऱ्यांनी दखल द्यायची नाही. या यादीवरून नेहमी काय चालत असे ते कळतं. शिपाई शिरत नसते तर शिरू नका असं कुणी दगडावर कोरलं नसतं.

कार्ल्यालाही असंच झालं. वलूरकच्या लेण्यांतल्या भिक्षूंना उषवदातानं करजिक गाव दिलं होतं, तेच गाव मावळच्या अमात्यामार्फत सातवाहनांनी पुन्हा त्याच भिक्षूंना दिलं. देणारा बदलला, घेणारा तोच, गावही तेच. पुण्य कुणाच्या खाती? या प्रश्नाला आमच्याकडे उत्तर नाही. पण राजकारण उघड आहे: जुन्या धन्याचं नाव पुसायचं असेल तर त्याचं दान रद्द करू नये, ते आपल्या नावानं पुन्हा द्यावं.

आणि मग सहा वर्षांनी, वर्ष २४ मध्ये, दुसरा हुकूम येतो. तो आम्ही पहिल्यांदा वाचला तेव्हा पुस्तक मिटून जरा वेळ बसलो होतो. अमात्य आता श्यामक आहे. हुकूम राजाचा आणि राजमातेचा. काखडीत आम्ही पूर्वी जे शेत दिलं होतं, ते शेत 'न कसते', ते गाव 'न वसति'. अनुवाद करायची गरजच नाही. शेत कसत नाही, गाव वसत नाही. दोन हजार वर्षांनंतर तेच दोन धातू आपल्या तोंडी आहेत, आणि आपल्या भागात ज्यांनी १९७२ पाहिलं त्यांना या दोन शब्दांत काय आहे ते सांगावं लागणार नाही.

गाव का उठलं, हे हुकूम सांगत नाही, पण छावणीतून सुटलेला पहिला हुकूम आणि जोगलटेंभीचा घबाड शेजारी ठेवा. याच मुलुखावरून एक फौज गेली आणि दुसरी आली. घबाड पुरणारा माणूस परत आला असता तर तो १९०६ साली सापडला नसता. शिपायांनी शिरू नये, अशी सूट त्या शेताला मिळाली तोवर बहुधा ते शिरून गेले होते. विष्णुपालित कामचुकार होता असं आम्हाला वाटत नाही. पडक्या गावात कुळं कुठून आणणार? दानपत्र एका दिवसात कोरून होतं, बैलजोडी आणि बियाणं तसं येत नाही. मग राजा म्हणतो, असं असेल तर शहराच्या शिवेवर आमच्या खास मालकीचं शेत आहे, त्यातलं शंभर निवर्तन त्यांना द्या. दोनशेचं शंभर झालं, पण पडीक दोनशेपेक्षा पिकतं शंभर भिक्षूंना बरं.

अशी कबुली देणारं सरकार आम्ही तरी फार पाहिलेलं नाही. आमचं दान वाया गेलं, असं राजानं आणि राजाच्या आईनं सगळ्यांना वाचता येईल अशा भिंतीवर कोरून घेतलं. प्लिनीचीही कारकीर्द दगडावर कोरली होती, त्याचा एक तुकडा आज मिलानमध्ये आहे. त्यात पदं आहेत, स्नानगृह आहे, ग्रंथालय आहे, शंभर मुक्त केलेल्या गुलामांच्या पोटगीला १८ लाख ६६ हजार ६६६ सेस्टर्शियस आहेत. फसलेल्या कालव्याचा उल्लेख नाही, तो खाजगी पत्रात. आपल्या नळदुर्गावर १८५३ साली कंपनी सरकारकडून आलेला मेडोज टेलर, ज्याची 'तारा' कादंबरी तुळजापुरात सुरू होते, त्यानंही आत्मचरित्र लिहिलं. आत्मचरित्रात सुभेदार सहसा यशस्वीच असतो.

आणि पुळुमावीच्या वेळी पुन्हा तेच. वर्ष १९ मध्ये सुदर्शन हे गाव दिलेलं, वर्ष २२ मध्ये अमात्य शिवस्कंदिलाला हुकूम, की त्याऐवजी सामलिपद द्या. आमच्या हिशोबात अमात्याची खरी कारकीर्द ही आहे. विष्णुपालित, श्यामक, शिवस्कंदिल या तिघांनी लढाया जिंकल्या का, गाई दिल्या का, हे कुणी कोरलं नाही. वरून दान आलं की खाली शेत शोधायचं, ते पिकत नसेल तर वर कळवायचं, आणि वरून दुसरं आलं की पुन्हा मोजणीला जायचं. काखडीची बातमी छावणीपर्यंत कुणी तरी पोचवलीच ना? राजाला स्वप्न पडलं नव्हतं.

उषवदातानं चार हजारांना घेतलेलं अश्विभूतीचं शेत या कुठल्याच हुकमात नाही. ते कुणी परत घेतलं नाही आणि पुन्हा दिलंही नाही. जप्त झालं ते काखडीचं, ज्याची खरेदी कुठं नोंदलेली नाही.

पांडवलेण्याला जाल तेव्हा तीन आणि दहा ही दोन लेणी एकाच फेरीत बघा. सकाळी जा, तीन नंबरच्या ओसरीत तेव्हा उजेड बरा असतो. पायऱ्या पुष्कळ आहेत, आम्हाला मागच्या खेपेला दोनदा बसावं लागलं. आता दहा मिनिटं आहेत, प्रश्न घेऊ. तो बसवाला तरुण आला असेल तर पहिला प्रश्न त्याचा.